वाहतुकीला वळण लावणारे विल्यम एनो

हिंगोली - अकोला-वाशीम-हिंगोली-नांदेड हा राष्ट्रीय महामार्ग चौपदरी झाला आणि रस्त्याच्या मधोमध दुभाजक आले. त्याबरोबर एक जुना प्रश्नही नव्याने उभा राहिला. पलीकडच्या बाजूला जायचे असेल तर पुढच्या वळणापर्यंत जाऊन मागे फिरावे, की थोडे अंतर वाचविण्यासाठी विरुद्ध दिशेनेच वाहन दामटावे? या प्रश्नाचे लेखी उत्तर १९०३ मध्ये न्यूयॉर्कच्या एका गृहस्थाने दिले होते. त्यांचे नाव विल्यम फेल्प्स एनो. वाहतूक सुरक्षेचे जनक म्हणून ते ओळखले जातात. मात्र मोटार चालविण्यास ते स्वतः कधीच शिकले नाहीत.

एनो यांचा जन्म ३ जून १८५८ रोजी न्यूयॉर्क येथे झाला. वडील अमोस एनो हे जमीन आणि इमारतींच्या व्यवसायातील धनाढ्य गृहस्थ होते. १८६७ मध्ये, वयाच्या नवव्या वर्षी, विल्यम आईसोबत घोडागाडीतून जात असताना ब्रॉडवे या रस्त्यावर कोंडी झाली. अडकलेल्या गाड्या मोजक्याच होत्या. पण कोणी थांबायचे आणि कोणी पुढे जायचे, हे ना गाडीवानांना ठाऊक होते, ना पोलिसांना. हा प्रसंग त्यांच्या मनात कायमचा रुतून बसला.

येल विद्यापीठातून १८८२ मध्ये पदवी घेतल्यावर ते वडिलांच्या व्यवसायात शिरले. चाळिशीच्या सुमारास व्यवसाय सोडून त्यांनी रस्त्यांचा प्रश्न हाती घेतला. १९०० मध्ये त्यांनी नियतकालिकातून वाहतूक सुधारणेची निकड मांडली. नुसते रस्ते रुंद करून भागणार नाही. सर्वांना समजतील असे थोडे, सोपे आणि छापील नियम हवेत, ही त्यांची भूमिका होती. न्यूयॉर्कच्या पोलिसांनी १९०३ मध्ये त्यांची नियमावली स्वीकारली. तिच्या हजारो प्रती एनो यांनी स्वखर्चाने छापून वाटल्या.

त्या काळी गाडीवान वाटेल तेथून रस्ता ओलांडत आणि समोरच्या बाजूला उलट्या तोंडाने गाडी उभी करीत. एनो यांनी यावर बंधन घातले. दुसऱ्या बाजूला जाणाऱ्या वाहनाने असे वळावे, की त्याचे तोंड त्या बाजूच्या वाहतुकीच्याच दिशेने राहील, असा नियम त्यांनी केला. आजच्या ‘यू-टर्न’च्या कायद्यामागे हेच तत्त्व आहे. संथ वाहनाने रस्त्याच्या कडेने चालावे, वळण्यापूर्वी किंवा थांबण्यापूर्वी हात अथवा चाबूक उंचावून मागच्यास इशारा द्यावा, हेही त्यांनी सांगितले.

न्यूयॉर्कमधील कोलंबस सर्कल या चौकात १९०५ मध्ये त्यांच्या योजनेनुसार वाहने एकाच दिशेने गोलाकार फिरू लागली. अशा चौकात कोणालाही न अडविता मागे फिरता येते. ही कल्पना एकट्या एनो यांची नव्हती. पॅरिसमध्ये युजेन एनार हे वास्तुविशारदही याच विचारांपर्यंत पोचले होते. लंडन आणि पॅरिसच्या वाहतुकीसाठीही एनो यांनी योजना आखल्या. १९२१ मध्ये त्यांनी वाहतूक अभ्यासासाठी स्थापन केलेली संस्था आजही कार्यरत आहे. ३ डिसेंबर १९४५ रोजी त्यांचे निधन झाले.

एनो यांनी मूळ नियम लिहिले ते घोडागाड्या आणि मोजक्या मोटारींच्या मिश्र वाहतुकीसाठी. हिंगोली जिल्ह्यातील रस्त्यांचे चित्रही मिश्रच आहे. हिंगोली आणि वसमतच्या बाजारात हळद घेऊन येणारी वाहने, उसाच्या ट्रॅक्टर-ट्रॉल्या, ऑटोरिक्षा, दुचाकी आणि भरधाव मालमोटारी एकाच रस्त्यावरून धावतात. लांबलचक ट्रॉली वळायला वेळ घेते, तर वेगात येणाऱ्या वाहनाला थांबण्यास अंतर लागते. अपघात घडतो तो या दोहोंच्या मधल्या काही क्षणांत.

भारतातील नियमही याच धोक्याचा विचार करतात. मोटार वाहन कायदा १९८८ चा असून, रस्त्यावरील वर्तनाचे १९८९ चे नियम मागे पडून २०१७ मध्ये नवे विनियम आले. मनाई फलक असेल तेथे, अखंड रेषा ओलांडून किंवा वाहतुकीचा प्रवाह सुरू असताना मागे वळता येत नाही. परवानगी असेल तेथेही आधी इशारा देणे व रस्ता मोकळा असल्याची खात्री करणे चालकावर बंधनकारक आहे. २०१९ च्या दुरुस्तीनंतर विरुद्ध दिशेने वाहन चालविणे कलम १८४ नुसार धोकादायक वाहनचालनात मोडते व त्यासाठी कैदेचीही तरतूद आहे.

पुढच्या वळणापर्यंत जाऊन परतण्यात काही मिनिटे आणि थोडे इंधन खर्ची पडते, हे खरे. मात्र समोरून येणाऱ्या चालकाला आपण कोणत्या बाजूने येऊ, हे आधीच ठाऊक असते. ब्रॉडवेवरील त्या कोंडीत नेमकी हीच गोष्ट कोणालाही ठाऊक नव्हती.