हिंदू कोड बिल आणि बाबासाहेबांचा पराभव

भंडारा : पवनी तालुक्यातील कोंढा, लाखांदूर, साकोली, तुमसर हा सारा धानशेतीचा मुलूख. १९५४ साली हा भाग नागपूर राजधानी असलेल्या तत्कालीन मध्य प्रदेशात होता. त्या वर्षी भंडारा लोकसभा मतदारसंघात झालेल्या पोटनिवडणुकीत डॉ. बाबासाहेब आंबेडकर राखीव जागेसाठी उभे राहिले आणि काँग्रेसचे भाऊराव बोरकर यांच्याकडून पराभूत झाले. राज्यघटनेच्या मसुदा समितीच्या अध्यक्षांचा हा लोकसभेसाठीचा दुसरा पराभव. पहिला मुंबईत, १९५२ साली. या दोन पराभवांच्या आधी, ज्या कारणांसाठी त्यांनी मंत्रिपद सोडले, त्यांत हिंदू कोड बिल प्रमुख होते.

१४ एप्रिल १८९१ रोजी महू येथे जन्मलेले बाबासाहेब १९१३ मध्ये न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात गेले. एकत्रित दिवाणी संहितेचा वाद त्या राज्याने त्यापूर्वीच पाहिला होता. डेव्हिड डडली फील्ड यांनी तयार केलेली संहिता न्यूयॉर्कने नाकारली. मात्र डाकोटा प्रदेशाने आणि १८७२ मध्ये कॅलिफोर्नियाने ती स्वीकारली. विखुरलेला कायदा एका ग्रंथात आणणे म्हणजे प्रस्थापितांचे हितसंबंध दुखावणे, हा अनुभव पुढे भारतातही आला.

येथील हिंदू कायदा मिताक्षरा, दायभाग, प्रांतोप्रांतीच्या रूढी आणि न्यायालयांचे निवाडे यांत विखुरलेला होता. डॉ. गोपाळराव देशमुख यांच्या प्रयत्नाने १९३७ मध्ये विधवेला पतीच्या मालमत्तेत मर्यादित हक्क मिळाला. १९४१ मध्ये बी. एन. राव समिती नेमली गेली. स्वातंत्र्यानंतर तिचा मसुदा कायदामंत्री बाबासाहेबांच्या अध्यक्षतेखालील प्रवर समितीकडे आला. समितीने मुलीचा वाटा मुलाच्या बरोबरीचा केला, विधवेला संपूर्ण मालकी दिली आणि जन्मसिद्ध सहदायकीचा हक्क रद्द करण्याची शिफारस केली. एकपत्नीत्व, आंतरजातीय विवाह आणि घटस्फोट यांनाही मसुद्यात स्थान होते.

विरोध सभागृहात होता, तसाच रस्त्यावरही. राष्ट्रपती राजेंद्र प्रसाद यांचाही विधेयकाला विरोध होता. सार्वत्रिक निवडणुका तोंडावर आल्याने काँग्रेसमधील अनेकांचा उत्साह ओसरला. सप्टेंबर १९५१ मध्ये चर्चा अवघ्या चार कलमांपर्यंत येऊन थांबली. बाबासाहेबांनी २७ सप्टेंबरला राजीनामा दिला. काश्मीर, परराष्ट्र धोरण, मागासवर्गीयांची उपेक्षा ही कारणे होतीच. परंतु विधेयक मधेच सोडून देणे त्यांना सर्वाधिक लागले.

निवडणुकीनंतर पंतप्रधान नेहरूंनी एकच मोठे विधेयक आणण्याऐवजी त्याचे तुकडे केले. हिंदू विवाह कायदा १९५५ मध्ये, वारसा आणि अज्ञानपालकत्वाचे कायदे १९५६ मध्ये आले. वारसा विधेयक लोकसभेत मार्गी लावण्याचे काम ह. वि. पाटसकर यांनी केले. ज्यांनी या कायद्यांचा पाया घातला, ते बाबासाहेब तेव्हा राज्यसभेचे सदस्य होते, मंत्री नव्हते. दत्तक आणि पोटगीचा कायदा २१ डिसेंबर १९५६ रोजी झाला. तो पाहण्यास ते हयात नव्हते. ६ डिसेंबरला त्यांचे महापरिनिर्वाण झाले होते.

शिवाय हे यश अपुरे होते. १९५६ च्या कायद्याने सहदायकी कायम ठेवली, त्यामुळे वडिलोपार्जित शेतीत मुलीचा जन्मसिद्ध हक्क नव्हता. महाराष्ट्राने १९९४ मध्ये आणि केंद्राने २००५ मध्ये तो दिला. त्या दुरुस्तीच्या दिवशी वडील हयात असणे आवश्यक नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये दिला. सहदायकी रद्द करण्याची बाबासाहेबांच्या समितीची शिफारस मात्र कधीच पूर्णत्वास गेली नाही; ती ठेवूनच मुलींना तीत सामावून घेण्यात आले. कोंढ्यातील धानाच्या बांधीवर वारस म्हणून मुलीचे नाव मुलाच्या बरोबरीने लागायला कायद्याच्या पुस्तकात अर्धशतक लागले. भंडाऱ्यात १९५४ साली पराभूत झालेल्या उमेदवाराने हा हक्क त्याआधीच मसुद्यात मांडलेला होता.