हकीमसाहेबांचे नाव लाभलेले औषध

हृदयाच्या ठोक्यांची लय बिघडवणारा ब्रुगाडा सिंड्रोम नावाचा एक आजार आहे. साध्या ईसीजीत तो नेहमी सापडतोच असे नाही. संशय असेल तर तज्ज्ञ डॉक्टर रुग्णालयात, कडक देखरेखीखाली, रुग्णाच्या शिरेतून एक द्रव्य देतात आणि ईसीजीच्या रेषा बदलतात का ते पाहतात. युरोपातल्या अनेक रुग्णालयांत ही चाचणी होते. त्या द्रव्याचे नाव 'अजमलीन'. ते मिळाले आपल्याकडच्या सर्पगंधेच्या मुळातून, आणि त्याला नाव मिळाले दिल्लीच्या एका हकिमाचे. हकीम अजमल खान यांचे.

अजमल खान यांचा जन्म 1868 साली दिल्लीतल्या बल्लीमारान मोहल्ल्यात, 'शरीफ मंझिल' या वाड्यात झाला. मिर्झा गालिब यांची हवेलीही याच मोहल्ल्यातली. घराण्यात हिकमत पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली. पूर्वज हकीम शरीफ खान हे मोगल बादशहा शाह आलम यांच्या दरबारचे वैद्य होते. 1857 च्या उठावानंतर इंग्रजांनी दिल्ली उजाड केली, तेव्हा हे घर वाचले ते रुग्णांच्या कृतज्ञतेमुळे. पतियाळाच्या महाराजांचे वैद्य याच घराण्यातले होते. महाराजांचे शिपाई दारावर उभे राहिले आणि मोहल्ल्यातल्या कितीतरी लोकांना तिथे आसरा मिळाला. एका शीख राजाने मुसलमान हकिमांचे घर राखल्याची ही आठवण लहानग्या अजमलच्या घरात ताजी होती.

लहानपणीच कुराण मुखोद्गत करून ते हाफिज झाले. रमजानच्या रात्री तरावीहच्या नमाजात ज्यांच्या तोंडून संपूर्ण कुराण ऐकले जाते, ते हाफिज. पुढे अरबी, फारसी आणि मग घरातल्याच वडीलधाऱ्यांकडून हिकमत, असे त्यांचे शिक्षण झाले. 1892 साली ते रामपूरच्या नवाबांचे हकीम म्हणून गेले आणि सुमारे दहा वर्षे तिथे राहिले. थोरले दोघे भाऊ वारल्यावर घराण्याची गादी आणि भावाने दिल्लीत सुरू केलेला तिब्बिया मदरसा, दोन्ही त्यांच्या अंगावर आले. नब्ज पाहून रोग ओळखण्याबद्दल त्यांच्या नावाच्या अनेक गोष्टी आजही उत्तर भारतात सांगतात. संस्थानिकांकडून ते दिवसाला हजार रुपये घेत आणि दिल्लीतल्या गरिबाला फुकट तपासत, असेही सांगितले जाते.

नाडीपरीक्षेत निष्णात असलेला हा माणूस केवळ परंपरेच्या भरवशावर बसणारा मात्र नव्हता. वाडवडिलांचे ज्ञान प्रयोगशाळेच्या कसोटीला लागलेच पाहिजे, असे त्यांचे मत होते. 1911 साली ते युरोपात गेले आणि तिथली रुग्णालये त्यांनी बारकाईने पाहिली. लंडनच्या चेरिंग क्रॉस रुग्णालयात तेव्हा डॉ. मुख्तार अहमद अन्सारी काम करत होते. तिथे जुळलेला हकीम आणि डॉक्टर यांचा स्नेह पुढे स्वातंत्र्यलढ्यातही टिकला.

तो काळ देशी वैद्यकासाठी कसोटीचा होता. आपल्या मुंबई इलाख्यात 1912 साली वैद्यकीय नोंदणीचा कायदा झाला. सरकारी नोंदवहीत जागा मिळाली ती पाश्चात्त्य वैद्यक शिकलेल्यांना. गावोगावचे वैद्य आणि हकीम बाहेर राहिले. डहाणू तेव्हा याच इलाख्यातल्या ठाणे जिल्ह्यात होते. पाड्यापाड्यांवर मुळ्यापाल्याची जाण असलेल्या भगतांचा आणि सुईणींचा तर कुणी विचारही केला नव्हता. असे कायदे येणार याची चाहूल लागताच अजमल खान यांनी 1910 साली वैद्य आणि हकीम यांना एका परिषदेत एकत्र आणले. आयुर्वेद हिंदूंचा आणि युनानी मुसलमानांची, ही विभागणी त्यांना मान्य नव्हती. रोगी एक, वनस्पती त्याच, तर उपचार करणाऱ्यांनी वेगळे का बसावे, असा त्यांचा साधा हिशेब होता.

त्याच विचारातून करोलबागेत तिब्बिया कॉलेज उभे राहिले. आयुर्वेद आणि युनानी दोन्ही एका छताखाली, जोडीला शरीररचना आणि शस्त्रक्रिया. त्याआधीच, 1909 साली, त्यांनी स्त्रियांसाठी वैद्यकशाळा काढली होती. तिथे सुईणींना शिकवले जाई. कॉलेजची कोनशिला 1916 साली व्हाइसरॉय लॉर्ड हार्डिंग यांनी बसवली आणि उद्घाटन 13 फेब्रुवारी 1921 रोजी महात्मा गांधींच्या हातून झाले. असहकाराची चळवळ ऐन भरात होती. अजमल खान यांनी सरकारने दिलेली 'हाझिक-उल-मुल्क' ही पदवी आदल्याच वर्षी परत केली होती. तरीही त्या समारंभात गांधीजींनी लॉर्ड आणि लेडी हार्डिंग यांच्या तसबिरींचे अनावरण केले. सत्तेशी भांडण असले तरी कॉलेजला केलेली मदत विसरायची नाही, हा हकीमसाहेबांचा रिवाज होता. लोकांनी त्यांना परत केलेल्या पदवीच्या बदल्यात आपली पदवी दिली: 'मसीह-उल-मुल्क', देशाला बरे करणारा.

1921 च्या डिसेंबरात अहमदाबादला काँग्रेसचे अधिवेशन भरले. निवडलेले अध्यक्ष देशबंधू चित्तरंजन दास तुरुंगात होते. त्यांच्या जागी अजमल खान बसले. जामिया मिल्लिया इस्लामियाचे ते पहिले कुलपती. 1925 साली अडचणीत आलेली जामिया अलीगढहून दिल्लीला हलवण्यात त्यांचा पुढाकार होता आणि तिचा खर्च भागवताना त्यांनी स्वतःच्या खिशाकडे पाहिले नाही. हिंदू-मुस्लिम दंग्यांची ती वर्षे होती. प्रकृती ढासळत असतानाही ते समेटासाठी धडपडत राहिले. 1927 च्या डिसेंबर महिन्यात रामपूर इथे हृदयविकाराने त्यांचे निधन झाले.

जाण्यापूर्वी त्यांनी एक काम एका तरुणाकडे सोपवले होते. सलीमुज्जमां सिद्दीकी हे त्याचे नाव. अलीगढला तत्त्वज्ञान आणि फारसी शिकलेला हा तरुण लंडनमार्गे जर्मनीत पोहोचला आणि 1927 साली फ्रँकफर्टहून रसायनशास्त्रात डॉक्टरेट मिळवून परतला. तिब्बिया कॉलेजात देशी औषधांचे संशोधन करणारी प्रयोगशाळा उभारायची, ही हकीमसाहेबांची इच्छा. ती उभी राहत असतानाच हकीमसाहेब गेले.

सिद्दीकींनी हाती घेतली सर्पगंधा. चरक-सुश्रुतांच्या ग्रंथांत तिचा उल्लेख आहे. सापाच्या दंशावर, उन्मादावर, झोप न येण्यावर तिचे मूळ पिढ्यान्‌पिढ्या वापरले जात होते. 1931 साली सिद्दीकी आणि त्यांच्या सहकाऱ्याने त्या मुळातून पाच अल्कलॉइड वेगळी केली. त्यांतली तीन पांढरी, स्फटिकरूप. दोन पिवळी. पिवळ्यांना वनस्पतीच्या शास्त्रीय नावावरून 'सर्पेंटीन' आणि 'सर्पेंटिनीन' म्हटले. पांढऱ्या तिघांना 'अजमलीन', 'अजमलिनीन' आणि 'अजमलिसीन' ही नावे दिली. नाव ठेवण्याचा हक्क शोधणाऱ्याचा असतो. सिद्दीकींनी तो हक्क आपल्या मार्गदर्शकाच्या स्मृतीसाठी वापरला. पुढे कडुनिंबातूनही त्यांनी अनेक द्रव्ये वेगळी केली. 1951 साली ते पाकिस्तानात गेले आणि 1994 साली कराचीत वारले. ते नाव मात्र सरहद्दीच्या दोन्ही बाजूंना तसेच राहिले.

सर्पगंधेची कथा पुढे मुंबईत आली. डॉ. रुस्तम जाल वकील या पारशी हृदयरोगतज्ज्ञांनी उच्च रक्तदाबाच्या रुग्णांवर सर्पगंधेचा काय परिणाम होतो याची शिस्तीत नोंद केली आणि 1949 साली ती ब्रिटिश हार्ट जर्नलमध्ये छापून आली. जगाचे लक्ष या मुळाकडे वळले. 1952 साली स्वित्झर्लंडमधल्या सीबा कंपनीच्या शास्त्रज्ञांनी त्यातून रिसर्पीन वेगळे केले. एका मुळाच्या प्रवासात वैद्य, हकीम आणि पारशी डॉक्टर असे सगळेच भेटतात.

इथे एक सावधगिरी. सर्पगंधेचे मूळ घरच्या घरी उगाळून घेण्याची वस्तू नाही. त्याने रक्तदाब धोक्याच्या पातळीपर्यंत उतरू शकतो, मनाला खोल उदासी येऊ शकते. रोजे ठेवणाऱ्या रक्तदाबाच्या रुग्णांनीही सहेरी आणि इफ्तारच्या वेळेनुसार गोळ्या कशा घ्यायच्या, हे डॉक्टरांना विचारूनच ठरवावे. औषध आधी तपासा आणि मग द्या, हाच तर अजमल खान यांचा आग्रह होता.

इस्लाममध्ये 'सदका-ए-जारिया' अशी एक कल्पना आहे. माणूस गेल्यावरही ज्याचा लाभ लोकांना होत राहतो, असे दान. खोदलेली विहीर, लावलेले झाड, शिकवलेली विद्या. रमजानमध्ये जकात आणि सदका यांची आठवण घरोघर निघते, तेव्हा अजमल खान यांचे कॉलेज आणि त्यातून निघालेले संशोधन या दानात सहज बसते.

पण ज्यांनी सर्पगंधेचे मूळ पहिल्यांदा ओळखले, त्यांतल्या एकाचेही नाव कुठल्या रेणूला नाही. ते असेच कुठल्यातरी रानातले, पाड्यावरचे लोक असणार. डहाणू-तलासरीच्या पट्ट्यात आजही कोणती साल कशावर आणि कोणता पाला कधी तोडायचा, हे सांगणारी वारली माणसे आहेत. त्यांची विद्या तोंडी आहे आणि म्हातारी माणसे गेली की तीही जाते. सर्पगंधेचे तर मूळच उपटावे लागते, म्हणजे झाडच संपते. बेसुमार खोदाईमुळे तिच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर निर्बंध आले आहेत.

2002 च्या जैवविविधता कायद्याने प्रत्येक स्थानिक संस्थेला लोक जैवविविधता नोंदवही ठेवायला सांगितले आहे. वनस्पती कोणती, उपयोग काय, माहिती कुणाची, हे सारे त्यात लिहिता येते. सिद्दीकींनी आपल्या मार्गदर्शकाचे नाव पांढऱ्या स्फटिकांवर कोरले. आपल्या ग्रामपंचायतींना तेवढे मोठे काम करायचे नाही. पाड्यावरच्या जाणत्या आजीचे किंवा आजोबांचे नाव, त्यांना विचारून, त्यांच्या संमतीने, त्या वहीच्या एका रकान्यात नीट लिहायचे आहे.