सुरत ते इक्केरी : पिएत्रो देल्ला व्हाल्ले

सुरत म्हटले की मराठी माणसाला १६६४ साल आठवते. मलाही तेच आठवत असे. गेल्या दिवाळीच्या सुट्टीत मी धाकट्या काकांकडे सुरतेला गेलो होतो. काका रिंग रोडवरच्या कापड बाजारात एका पेढीवर हिशेब लिहितात. एका संध्याकाळी त्यांनी मला गोपी तलाव दाखवायला नेले. मलिक गोपी नावाच्या धनिकाने सोळाव्या शतकाच्या आरंभी बांधवलेला हा तलाव अलीकडे महापालिकेने नव्याने सजवला आहे. पायऱ्या, दिवे, सहकुटुंब आलेली गर्दी, सारे छान होते. पण माझे मन काही त्यात रमेना. तेवढ्यात काका सहज म्हणून गेले की, महाराज सुरतेवर येण्याच्या चाळीस वर्षे आधी रोम शहरातला एक माणूस हा तलाव पाहून गेला आणि त्याने त्याचे वर्णन लिहून ठेवले आहे.

परत आल्यावर मी आपल्या ग्रंथालयात चौकशी केली. त्या माणसाच्या हिंदुस्थानातील पत्रांचे इंग्रजी भाषांतर १८९२ साली दोन भागांत छापलेले आहे. माझे शिक्षण मराठी माध्यमातले, त्यामुळे जुने इंग्रजी वाचताना माझी दमछाक झाली. पण पुस्तक खाली ठेववेना. कारण सुरतेला उतरलेला हा माणूस पुढे गोव्याला गेला, तिथून होन्नावरला, आणि शरावतीच्या काठाने घाट चढून इक्केरीला पोचला होता. माझे घर मराठी आणि आजोळ कन्नड. आपल्या या अंकाच्या एका बाजूने मराठी विभाग सुरू होतो आणि दुसऱ्या बाजूने कन्नड. हे चरित्र दोन्ही बाजूंचे आहे असे वाटले, म्हणून ते लिहिण्याचे धाडस करीत आहे.

पिएत्रो देल्ला व्हाल्ले याचा जन्म एप्रिल १५८६ मध्ये रोम येथे एका खानदानी घराण्यात झाला. घरी पैसा होता. साहित्याची आणि संगीताची आवड होती. तरुणपणी त्याचे एका मुलीवर प्रेम होते. पुष्कळ वर्षे वाट पाहिल्यावर तिचे लग्न दुसऱ्याच कोणाशी झाले. खचलेला पिएत्रो नेपल्सला आपला मित्र मारिओ स्कीपानो या वैद्याकडे गेला. मित्राच्या सल्ल्याने त्याने यात्रेचा संकल्प केला आणि ८ जून १६१४ रोजी व्हेनिसच्या बंदरातून तो जहाजाने निघाला. मित्राला वेळोवेळी सविस्तर पत्रे लिहायची, एवढे ठरले होते. ती पत्रे हेच त्याचे प्रवासवर्णन.

कॉन्स्टँटिनोपलला तो वर्षभराहून अधिक काळ राहिला आणि तुर्की शिकला. मग इजिप्त, जेरुसलेम, दमास्कस, अलेप्पो असे करीत १६१६ मध्ये तो बगदादला पोचला. तिथे मआनी नावाच्या तरुणीशी त्याचा विवाह झाला. ती मूळची मार्दीन गावची, पूर्वेकडच्या जुन्या ख्रिस्ती समाजातली. यात्रेकरूचा संसारी माणूस झाला, पण प्रवास थांबला नाही. दोघे इराणात गेली आणि शाह अब्बासच्या राज्यात त्यांनी काही वर्षे काढली. एका अनाथ जॉर्जियन मुलीला मआनीने आपल्याजवळ सांभाळले. तिचे नाव तिनातीन.

१६२१ च्या अखेरीस स्वदेशी परतण्याच्या विचाराने ही मंडळी होर्मुझच्या किनाऱ्याकडे आली. पण तेथे पोर्तुगीजांविरुद्ध इराणी आणि इंग्रज यांचे युद्ध पेटले होते. वाट बंद झाली. त्या दमट, रोगट हवेत गरोदर मआनीला ताप आला आणि ३० डिसेंबर १६२१ रोजी ती गेली. तिला परक्या मातीत ठेवून जाणे पिएत्रोला जमेना. त्याने कापूर घालून तिचा देह टिकवला, शवपेटी करवली आणि ती रोमला नेऊन आपल्या घराण्याच्या दफनस्थानी ठेवायची असे ठरवले. हे काम पुरे व्हायला पाच वर्षांहून अधिक काळ लागला. त्याचा पुढचा सारा प्रवास, हिंदुस्थानचाही, या पेटीसह झाला आहे, हे वाचकांनी लक्षात ठेवावे.

फेब्रुवारी १६२३ मध्ये व्हेल नावाच्या इंग्रजी जहाजातून तो तिनातीनसह सुरतेला उतरला. तेव्हा सुरत हे मोगलांचे मुख्य बंदर होते. इंग्रजांची आणि डचांची वखार तिथे होती. पिएत्रोला व्यापारात रस नव्हता. त्याने गोपी तलाव पाहिला. एका विशाल वडाखालचे पार्वतीचे स्थान पाहिले आणि तिथल्या मूर्तीला शेंदूर फासण्याची रीत टिपून ठेवली. वेगवेगळ्या धर्मांचे लोक एकाच शहरात आपापल्या रीतीने राहतात, याचेही त्याला नवल वाटले. खंबायतला त्याने पाखरांसाठी चालवलेला दवाखाना पाहिला. अहमदाबादही पाहिले. एप्रिल १६२३ मध्ये तो गोव्याला पोचला.

गोव्यात त्याचे सहा महिने गेले. तो पोर्तुगीजांचा मुलूख. तिथे त्याला देशी राज्य पाहायला मिळणार नव्हते. ती संधी ऑक्टोबरमध्ये आली. केळदीच्या घराण्याचा राजा वेंकटप्पा नायक घाटमाथ्यावर इक्केरीला राज्य करीत होता. तेथील मिरी पोर्तुगीजांना हवी होती, आणि किनाऱ्यावरच्या बंग राजाचा मुलूख वेंकटप्पाने घेतला होता, त्याचीही बोलणी व्हायची होती. त्यासाठी गोव्याहून एक पोर्तुगीज वकील निघाला. त्याच्याबरोबर वेंकटप्पाचा वकीलही स्वदेशी परतत होता. पिएत्रोने त्याचे नाव ज्या रीतीने लिहिले आहे, ते आपण विठ्ठल शेणै असे वाचावे. या लवाजम्याबरोबर जाण्याची परवानगी पिएत्रोने मिळवली आणि १४ ऑक्टोबर १६२३ रोजी मंडळींनी गोवा सोडले.

होन्नावरपर्यंत समुद्र, तेथून नदीने गेरसोप्पा. एकेकाळी हे मोठे नगर होते. पोर्तुगीज ज्या चेन्नभैरादेवीला मिरीची राणी म्हणत, तिची ही राजधानी. केळदीच्या नायकांनी ते राज्य घेतले आणि पिएत्रो पोचला तेव्हा तिथे पडके वाडे आणि वाढलेले रान तेवढे उरले होते. पुढे घाट. दाट झाडी, उभी चढण, सामानासाठी हमाल, कधी पालखी तर कधी पायपीट, मुक्कामाला देऊळ. कुठल्या गावी थांबायचे, कोणाच्या ओसरीला पाठ टेकायची, कोणाच्या चुलीपासून दूर राहायचे, हे सारे बरोबरची माणसे सांगत आणि पिएत्रो ऐके. तुर्की, फारसी, अरबी जाणणारा हा पंडित इथे मुका होता. कन्नडचे एक अक्षरही त्याला येत नव्हते. जे काही त्याला कळले ते दुभाष्याच्या तोंडून.

या वाटेवरचा एक प्रसंग मी तीनदा वाचला. घाट ओलांडण्यापूर्वी सामानाची बांधाबांध चालली होती. पिएत्रो देवळाच्या ओसरीत बसला होता. तिथे चार लहान मुले अंकगणित शिकत होती. फरशीवर बारीक वाळू पसरलेली. एक मुलगा धड्यातले वाक्य सुरात म्हणे आणि म्हणता म्हणता बोटाने वाळूत आकडा काढी. बाकीचे तिघे त्याच्यामागून तेच म्हणत आणि तेच लिहीत. फरशी भरली की लिहिलेले पुसायचे आणि नवी वाळू पसरायची. कागद नाही, शाई नाही, गुरुजीही समोर नाहीत. पिएत्रोने त्यांना विचारले की, तुम्ही विसरलात किंवा चुकलात तर दुरुस्त कोण करणार? मुलांनी सांगितले की, चौघेजण एकाच वेळी एकच गोष्ट विसरतील असे होत नाही. एकाचे चुकले की दुसरा सांगतो.

हे वाचले आणि मला आमचे आजोबा आठवले. ते अजूनही पावकी आणि निमकी सुरात म्हणतात आणि त्यांच्या वडिलांनी धूळपाटीवर धुळाक्षरे गिरवल्याचे सांगतात. आम्ही वाणिज्य शाखेचे विद्यार्थी हिशेबाचा ताळा घेण्याबद्दल जाड पुस्तके वाचतो. त्याचे मर्म चारशे वर्षांपूर्वी एका डोंगराळ गावातील चार पोरांना ठाऊक होते. त्यांची नावे कोणी लिहिली नाहीत. पण पिएत्रोने नुसते पाहिले नाही, तर त्यांना विचारले, म्हणून त्यांचे उत्तर आपल्यापर्यंत आले.

इक्केरीला त्याने वेंकटप्पा नायकाचा दरबार पाहिला. तो राजा लिंगधारी होता हे नोंदवले. आज आपण सागरजवळ पाहतो ते अघोरेश्वराचे देऊळ त्याने पाहिले. रंगीत काठ्या घेऊन रात्री फेर धरणाऱ्या मुली पाहिल्या. आपल्याकडचा कोलाट तो हाच. आणि एके दिवशी रस्त्यात एक मिरवणूक पाहिली. घोड्यावर एक स्त्री बसलेली, एका हातात आरसा, दुसऱ्या हातात लिंबू, वर छत्र, पुढे वाद्ये. नवरा वारला होता आणि ती सती जाणार होती.

तिथेच तो थांबला असता तर इतर अनेक प्रवाशांसारखे एक चित्तथरारक वर्णन लिहून मोकळा झाला असता. पण नोव्हेंबरमध्ये तो तिच्या घरी गेला. तिचे नाव जक्कम्मा. नवरा तेलुगू समाजातला ढोलवादक. घरात थोरल्या सवती होत्या; त्यांनी सती जाण्याचे नाकारले होते. तिला लहान मुलगा होता. पिएत्रोने तिला परोपरीने समजावले, मुलाची आठवण करून दिली. ती शांतपणे, हसतमुखाने बोलत राहिली आणि हे आपण स्वखुशीने करीत असल्याचे तिने सांगितले. तिचा निश्चय बदलेना, तेव्हा त्याने एकच आश्वासन दिले की, तुझे नाव मी माझ्या देशात लिहून ठेवीन.

ते आश्वासन त्याने पाळले. पण तिला वाचवणे त्याच्या हाती नव्हते. सती जाण्यास कायद्याने बंदी व्हायला, तीही प्रथम बंगाल इलाख्यात, १८२९ साल उजाडावे लागले. तिच्या स्वखुशीच्या बोलण्यामागे किती खुशी आणि किती धाक होता, हे परका माणूस दुभाष्याच्या मदतीने कसे ओळखणार? मला मात्र राहून राहून एक वाटते. ज्याने पत्नीचा मृतदेह उराशी बाळगला होता, तोच नवऱ्यामागे मरायला निघालेल्या स्त्रीला जगण्याची विनवणी करीत होता. मेलेल्या माणसावरची माया जिवंत माणसाने कशी वागवावी, हा प्रश्न त्या घरात दोघांनाही होता. हा माझा तर्क आहे. पुस्तकात तसे लिहिलेले नाही.

इक्केरीहून घाट उतरून तो किनाऱ्याने मंगळूरला गेला. उळ्ळाळची राणी त्याला भेटली ती शेताला पाणी देण्यासाठी चाललेल्या चरांच्या खोदाईवर देखरेख करताना, अनवाणी. कद्रीच्या मठात तो जोग्यांच्या प्रमुखाला भेटला. पुढे कालिकत आणि परत गोवा. १६२४ च्या अखेरीस त्याने हिंदुस्थान सोडला. मस्कत, बसरा, वाळवंट आणि अलेप्पो या मार्गाने मार्च १६२६ मध्ये तो रोमला पोचला. बारा वर्षे होत आली होती. १६२७ मध्ये त्याने आराचेली चर्चमध्ये मआनीचे दफन केले. त्या वेळी भाषण करताना त्याला रडू कोसळले. पुढे त्याने तिनातीनशी विवाह केला. त्यांना चौदा मुले झाली. स्वभाव तापट होता. एका भांडणात पोपच्या एका नोकराचा त्याच्या हातून खून झाला आणि त्याला काही काळ रोम सोडून पळावे लागले. २१ एप्रिल १६५२ रोजी तो वारला. पत्रांचा पहिला भाग १६५० मध्ये त्याच्या हयातीत निघाला. हिंदुस्थानचा भाग १६६३ मध्ये, मृत्यूनंतर.

तो साधुसंत नव्हता हे यावरून दिसेलच. आपल्या देवांविषयी त्याने पुष्कळ ठिकाणी आपल्या धर्माच्या अभिमानाने लिहिले आहे. काही गोष्टी त्याला उलट्याच समजल्या. तरी त्याची पत्रे वाचताना एक गोष्ट माझ्या ध्यानात आली. दुरून नुसते पाहून त्याने जे लिहिले, त्यात चुका फार. ओसरीवर टेकून, दारात उभे राहून, दुभाष्याला मध्ये घेऊन त्याने जे विचारले, ते आजही जिवंत वाटते.

आपल्या कॉलेजच्या सहली दरवर्षी निघतात. बस थांबते, आपण फोटो काढतो, शेंगा खातो आणि परत येतो. घाटातल्या ज्या गावात चहा पितो त्या गावाचे नावही विचारत नाही. आपल्यातील निम्म्यांना मराठी येते, निम्म्यांना कन्नड आणि माझ्यासारख्या काहींना दोन्ही. पिएत्रोला दुभाषी शोधावा लागला, आपल्या तर बसमध्येच दुभाषी बसलेले असतात. येत्या सहलीला इक्केरी ठरवावी अशी माझी सहल समितीला विनंती आहे. देवळाच्या ओसरीत एखादे पोर खेळत असेल तर फोटोआधी त्याला काहीतरी विचारू. कन्नड विभागाच्या मित्रांनी प्रश्न करावा. उत्तर मराठीत सांगायला मी आहेच.