स्वतःचें नांव विसरलेला उपदेशक

अ‍ॅन्सेल बोर्न हे अमेरिकेंतील ऱ्होड आयलंड प्रांतीं ग्रीन गांवचे उपदेशक, मूळचे सुतार. १७ जानेवारी १८८७ रोजीं जमिनीचे पैसे भागविण्यासाठीं त्यांनीं प्रॉव्हिडन्सच्या पेढींतून ५५१ डॉलर काढले, आणि ते नाहींसे झाले. घातपाताच्या शंकेनें पोलिसांनीं शोध केला, तो व्यर्थ.

इकडे पेनसिल्व्हानियांत नॉरिसटाउन येथें ए. जे. ब्राउन नांवाचा गृहस्थ मिठाई व कागद विकीत होता. १४ मार्चच्या सकाळीं तो भयभीत होऊन उठला आणि आपण कोठें आहों, असें घरच्यांस विचारूं लागला. तो बोर्न होता! दुकानाची त्यास कांहींच आठवण नव्हती. अंबडच्या गृहस्थानें नाशकास पैसे काढावे आणि दोन महिन्यांनीं सुरतेस दुकानदार म्हणून जागें व्हावें, तसाच हा प्रकार.

ह्यास ढोंग म्हणणें सोपें. आम्हांस तें पटत नाहीं. पैसे तर त्यांचे स्वतःचेच! मनावरील असह्य ताणानें क्वचित् असें घडतें, असें आजचे वैद्य मानतात. १८९० सालीं मानसशास्त्रज्ञ विल्यम जेम्स ह्यांनीं बोर्न ह्यांस संमोहननिद्रा दिली, तेव्हां ब्राउन पुन्हा बोलूं लागला. दुकानाची हकीकत त्यानें सांगितली. समोर आणलेल्या बोर्नबाईंस मात्र ओळखलें नाहीं. दोन्ही स्मृति सांधण्याचा जेम्स ह्यांचा यत्न निष्फळ झाला.