हान्स बर्गर : मेंदूच्या लहरी आणि माणसाचे शील

डोळे मिटून शांत बसलेल्या माणसाच्या मेंदूत दर सेकंदाला सुमारे दहा वेळा विजेची एक सूक्ष्म लहर उठते आणि विरते. त्याने डोळे उघडले किंवा मनातल्या मनात एखादा अवघड गुणाकार सुरू केला की ही संथ लय मोडते आणि तिच्या जागी लहान, वेगवान लहरी दिसू लागतात. ही गोष्ट जगासमोर प्रथम मांडली जर्मनीतील मनोविकारतज्ज्ञ हान्स बर्गर यांनी. रुग्णालयात डोक्याला तारा लावून जी ईईजी तपासणी केली जाते, तिचे जनकत्व त्यांच्याकडे जाते. चिकाटीचा आदर्श म्हणून त्यांचे चरित्र सांगितले जाते आणि ते योग्यही आहे. मात्र ते पूर्ण सांगितले पाहिजे; इतिहासाच्या अभ्यासकाला अर्धे चरित्र सांगून थांबता येत नाही.

बर्गर यांचा जन्म २१ मे १८७३ रोजी कोबुर्ग शहराजवळील नॉयसेस या गावी झाला. वडील डॉक्टर होते. आईचे वडील फ्रीडरिश रुकर्ट हे नामवंत कवी आणि पौर्वात्य भाषांचे पंडित. नल-दमयंतीची कथा त्यांनी जर्मन काव्यात आणली होती. अशा विद्याव्यासंगी घराण्यातील या मुलाला खगोलशास्त्रज्ञ व्हायचे होते. त्यासाठी त्याने येना विद्यापीठात गणिताला प्रवेश घेतला. परंतु पहिल्याच सत्रानंतर अभ्यास सोडून तो वर्षभराच्या लष्करी सेवेसाठी घोडदळात दाखल झाला.

तेथे घडलेल्या एका प्रसंगाने त्यांच्या आयुष्याला वळण दिले. सरावाच्या वेळी घोडा उधळला आणि बर्गर तोफ ओढणाऱ्या गाड्याच्या वाटेत पडले. गाडा ऐन वेळी थांबला म्हणून ते बचावले. त्याच दिवशी दूर घरी असलेल्या बहिणीला भाऊ संकटात आहे असे तीव्रतेने वाटले आणि तिने आग्रह धरून वडिलांकरवी तार पाठवली. तरुण बर्गर यांनी यातून असा निष्कर्ष काढला की, भीतीच्या क्षणी आपल्या मनातून निघालेली एखादी शक्ती बहिणीपर्यंत पोहोचली असावी. हा योगायोग होता, असे आज आपण म्हणू. विचारांचे असे प्रक्षेपण विज्ञानाने मान्य केलेले नाही आणि पुढे बर्गर यांच्या हाती आलेल्या लहरी तर इतक्या क्षीण निघाल्या की, त्या दूरवर संदेश नेणे शक्यच नव्हते. तरीही त्यांची एक गोष्ट घेण्यासारखी आहे. या अनुभवाचे त्यांनी देव्हारे माजवले नाहीत. मनाच्या व्यापारामागे शरीरातील कोणती ऊर्जा असते, असा मोजता येण्याजोगा प्रश्न त्यांनी त्यातून तयार केला आणि त्याचे उत्तर शोधण्यासाठी ते वैद्यकशास्त्राकडे वळले.

१८९७ मध्ये येना येथे वैद्यकीय पदवी मिळवून ते तेथील मनोरुग्णालयात प्राध्यापक ओटो बिन्सवांगर यांच्या हाताखाली रुजू झाले. प्रारंभी त्यांनी मेंदूतील रक्ताभिसरण अभ्यासले, मग मेंदूचे तापमान मोजले. अपेक्षित उत्तर मिळाले नाही. पहिल्या महायुद्धात त्यांनी सैन्यात मनोविकारतज्ज्ञ म्हणून काम केले. १९१९ मध्ये बिन्सवांगर यांच्या जागी ते रुग्णालयाचे संचालक झाले. दिवसा रुग्ण आणि अध्यापन, त्यानंतर स्वतःचे संशोधन, असा या अबोल, वक्तशीर माणसाचा क्रम होता.

प्राण्यांच्या मेंदूत वीज असते हे इंग्लंडमधील रिचर्ड केटन यांनी १८७५ मध्येच दाखवले होते. माणसाच्या मेंदूतील वीज मात्र कोणी नोंदवली नव्हती. ६ जुलै १९२४ रोजी, शस्त्रक्रियेने कवटीचे थोडे हाड काढलेल्या १७ वर्षांच्या एका मुलाच्या डोक्यावर विद्युत्-अग्रे ठेवून बर्गर यांनी ती पहिल्यांदा टिपली. गॅल्व्हानोमीटरचा काटा किंचित थरथरला, एवढेच. हे संदेश एका व्होल्टच्या काही दशलक्षांश भागांइतके क्षीण असतात. हा थरथराट मेंदूचाच कशावरून? हृदयाचा, रक्ताच्या स्पंदनाचा किंवा कातडीचा कशावरून नसेल? या शंकांनी त्यांना घेरले. एकेक शक्यता तपासून बाद करण्यात पाच वर्षे गेली. स्वतःच्या मुलाच्याही अनेक नोंदी त्यांनी घेतल्या. अखेर १९२९ मध्ये पहिला निबंध प्रसिद्ध झाला आणि १९३८ पर्यंत त्याच मथळ्याखाली एकूण चौदा निबंध आले. संथ लहरींना त्यांनी अल्फा आणि वेगवान लहरींना बीटा हे नाव दिले. निद्रा, भूल आणि अपस्मार या अवस्थांत लहरी कशा पालटतात हेही त्यांनी पाहिले.

विद्वानांनी प्रथम विश्वास ठेवला नाही. १९३४ मध्ये केंब्रिजचे नोबेल पारितोषिक विजेते एडगर एड्रियन यांनी ब्रायन मॅथ्यूज यांच्यासह स्वतःच्या मेंदूवर तोच प्रयोग केला, तो जुळला आणि त्यांनी शोधाचे श्रेय मोकळेपणाने बर्गर यांना दिले. पुढच्याच वर्षी अमेरिकेतील बोस्टन येथे अपस्माराच्या एका प्रकारात दर सेकंदाला तीन वेळा उठणारी विशिष्ट लहर नोंदली गेली. ज्या आजाराला जगभर भूतबाधा किंवा दैवी कोप समजले जाई, तो मेंदूतील विजेच्या बिघाडाचा आजार आहे, हे कागदावर डोळ्यांना दिसू लागले. आपल्याकडे आजही फेफरे आलेल्या माणसाला कांदा किंवा चप्पल हुंगवतात, देवऋषीकडे नेतात. ती लहर दाखवणारा कागद हे अशा अंधश्रद्धेला दिलेले शांत उत्तर आहे.

त्यानंतरच्या संशोधनाने हे क्षेत्र फार विस्तारले. आपल्या मेंदूत सुमारे ८६ अब्ज चेतापेशी आहेत. त्यांतील असंख्य पेशींची विद्युत्-क्रिया एका तालात होऊ लागते, तेव्हा ती कवटीबाहेरून टिपता येते. गाढ झोपेतील संथ डेल्टा लहरी दिवसभराच्या स्मृती पक्क्या होण्याशी जोडलेल्या आहेत, तर थीटा लहरींचा स्मरण आणि शिकणे यांच्याशी संबंध आहे. अल्फा म्हणजे मेंदूचा रिकामा वेळ, असे पूर्वी मानत. नको असलेली माहिती बाजूला सारून लक्ष टिकवण्यास ती मदत करते, असे आता अनेक संशोधक मानतात. १९६६ मध्ये जपानच्या कासामात्सू आणि हिराई यांनी झेन साधक ध्यानात असताना, डोळे उघडे असूनही, अल्फा लहरी नोंदवल्या. २००४ मध्ये अमेरिकेतील विस्कॉन्सिन विद्यापीठातील संशोधकांना करुणेची भावना करणाऱ्या दीर्घकालीन बौद्ध साधकांच्या मेंदूत वेगवान गॅमा लहरी विशेष प्रबळ आढळल्या.

येथवरची कथा उजळ आहे. उरलेली कथा कटू आहे.

१९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला आणि त्याच वर्षी जुलैमध्ये आनुवंशिक रोग्यांच्या सक्तीच्या नसबंदीचा कायदा झाला. मनोरुग्ण, मतिमंद, जन्मांध, बहिरे आणि अपस्माराचे रोगी यांना संततीचा अधिकार असावा की नाही, हे न्यायाधीश आणि डॉक्टर यांची विशेष न्यायालये ठरवू लागली. नाझी राजवटीत सुमारे चार लाख माणसांची अशी नसबंदी झाली. येना येथील या न्यायव्यवस्थेत बर्गर यांनी काम केले. नाझी पक्षाचे ते सदस्य नव्हते, परंतु एसएस या संघटनेचे वर्गणीदार सहायक सदस्य होते. नाझींनी त्यांना छळून पदावरून काढले, ही कथा अनेक वर्षे ग्रंथांतून सांगितली गेली. पुढे जुनी कागदपत्रे तपासल्यावर ती खोटी ठरली. १९३८ मध्ये ते वयोमानानुसार निवृत्त झाले होते. १९४१ मध्ये पुन्हा त्या न्यायालयात काम करण्याचे निमंत्रण आले, तेव्हा त्यांनी होकार दिला. त्याच वर्षी १ जून रोजी, नैराश्याने ग्रासलेल्या अवस्थेत, त्यांनी स्वतःचे जीवन संपवले.

अपस्मार म्हणजे कुळाचा कलंक नव्हे, मेंदूतील विजेचा बिघाड आहे, हे जाणण्याचे साधन ज्याने जगाला दिले, तोच माणूस अपस्माराच्या रोग्याला कुळावरून नापास ठरवणाऱ्या व्यवस्थेत बसला. ज्ञान कमी पडले म्हणून हे घडले नाही. त्या काळात जर्मनीत यांहून अधिक जाणणारे फार थोडे होते.

जन्मावरून माणसाची किंमत ठरवण्याचा हा विचार आपल्याला परका नाही. आपल्या देशात तो धर्माच्या नावाने चालत आला आणि विसाव्या शतकात त्याला वंशशुद्धीच्या विज्ञानाचा मुलामा देण्याचा प्रयत्नही झाला. येना येथे ही न्यायालये चालू होती त्याच काळात, १९३६ मध्ये, बाबासाहेबांनी जातिसंस्थेच्या निर्मूलनावरील आपला ग्रंथ प्रसिद्ध केला आणि जातीचे सुप्रजननाच्या आधारे केले जाणारे समर्थन त्यात तर्काने मोडून काढले. विद्येचा अधिकार नाकारलेल्या समाजातून आलेल्या विद्वानाला जे स्पष्ट दिसले, ते युरोपातील एका थोर विद्यापीठाचे कुलगुरुपद भूषवलेल्या प्राध्यापकाला दिसले नाही.

म्हणून बर्गर यांचे नाव आपण पुसू नये आणि त्यांची पूजाही करू नये. त्यांच्या पाच वर्षांच्या आत्मपरीक्षणातून विद्यार्थ्यांनी शंका घेण्याची शिस्त शिकावी. आणि प्रज्ञेसोबत शील व करुणा यांचा आग्रह बाबासाहेबांनी का धरला, हे त्यांच्या उत्तरायुष्यावरून समजून घ्यावे. या शाळेच्या वसतिगृहात अभ्यास करून आज डॉक्टर, अभियंते, अधिकारी झालेले आपले माजी विद्यार्थी अनेक टेबलांमागे बसलेले आहेत. त्या टेबलासमोर कोणी दुबळा माणूस आपला निकाल ऐकायला उभा राहील, तेव्हा आपण त्याच्याकडे कसे पाहतो, हे कोणतेही यंत्र नोंदवणार नाही. ती नोंद आपली आपणच ठेवायची आहे.