भुंगेऱ्यांचा सूत्रधार

लादिस्लाव स्तारेविच यांचा जन्म ८ ऑगस्ट १८८२ रोजी मॉस्को येथे एका पोलिश कुटुंबात झाला. लिथुआनियातील कोव्नो नगरात ते वाढले. फुलपाखरे व भुंगेरे जमविण्याचा त्यांना बालपणापासून छंद होता. पुढे तेथील वस्तुसंग्रहालयासाठी ते निसर्गविषयक चित्रपट घेऊ लागले.

१९१० च्या सुमारास त्यांनी दोन भुंगेऱ्यांची झुंज चित्रित करण्याचे योजिले. पण ते पडले निशाचर! दिव्यांचा प्रखर प्रकाश पडताच ते निश्चल होत. दुसरा कोणी असता, तर त्याने हा नाद सोडून दिला असता. स्तारेविच यांनी मात्र मृत भुंगेऱ्यांचे पाय मेणाने व तारेने जोडले. पाय किंचित हलवावा, एक चित्र घ्यावे. पुन्हा हलवावा, पुन्हा चित्र घ्यावे, असा उद्योग त्यांनी आरंभिला. क्षणभराच्या हालचालीसाठी अनेक चित्रे घ्यावी लागत. ती सर्व पडद्यावर भराभर सरकू लागली, की निर्जीव कीटक जिवंत होऊन झुंजत. हे किडे शिकवून तयार केलेले असावेत, असेही काही प्रेक्षकांना वाटले!

१९१२ साली त्यांनी एका छायाचित्रकाराच्या सूडाची कथा पडद्यावर आणली. त्यात एक प्रतिष्ठित भुंगेरा घरी पत्नीला ठेवून नर्तिकेच्या भेटीस जातो. सायकलवरून फिरणारा एक टोळ त्याचे गुपचूप चित्रण करतो. पुढे भुंगेरा सपत्नीक चित्रपट पाहावयास जातो, तो पडद्यावर त्याचेच प्रताप! किड्यांच्या या फजितीला हसता हसता माणसाला स्वतःचे ढोंग ओळखू येते.

१९१७ च्या रशियन राज्यक्रांतीनंतर स्तारेविच यांना देश सोडावा लागला. घरदार आणि स्थिरावलेला व्यवसाय मागे राहिला; हातांतील कसब तेवढे बरोबर आले. फ्रान्समध्ये पॅरिसजवळ त्यांनी पुन्हा आपली बाहुल्यांची सृष्टी उभारली. कन्या इरेन त्यांची साहाय्यक झाली. राजा मागणाऱ्या बेडकांची गोष्ट त्यांनी १९२२ मध्ये चित्रित केली. धूर्त कोल्ह्यावरील त्यांच्या मोठ्या चित्रपटातील बाहुल्या हलविण्यातच सुमारे अठरा महिने गेले. तो पुढे १९३७ मध्ये बर्लिनला प्रदर्शित झाला.

२६ फेब्रुवारी १९६५ रोजी ते निधन पावले. त्या वेळीही एक चित्रपट त्यांच्या हाती अपुरा होता. एकेका केसाएवढ्या हालचालीने त्यांनी ही सृष्टी चालती केली. अल्प अल्प प्रयत्नांतूनच महान कार्य घडते, याची साक्ष त्यांचे इवलेसे भुंगेरे देत राहतील.