दुर्गाबाई खोटे : नावाला जागलेली स्त्री

आपल्या मंडळाच्या वर्धापनदिनाच्या स्मरणिकेसाठी प्रत्येकीने काहीतरी लिहून द्यावे असे बैठकीत ठरले, तेव्हा मी गप्प बसले होते. मी काही लेखिका नव्हे. सातवी झाले आणि शाळा सुटली. त्यानंतर हातात लेखणी आली ती वाण्याची यादी आणि भिशीचा हिशेब लिहिण्यापुरतीच. पाककृती लिहावी, तर त्या तुम्हा सर्वांना माझ्याहून चांगल्या येतात. मग मनात आले, की ज्यांनी आयुष्याचे अखेरचे दिवस आपल्याच अलिबागला काढले, त्या दुर्गाबाई खोटे यांच्याविषयी चार शब्द लिहावेत. हाच विषय घेण्यामागे माझे स्वतःचेही एक कारण आहे. ते शेवटी सांगेन.

दुर्गाबाईंचा जन्म 14 जानेवारी 1905 रोजी, म्हणजे ऐन संक्रांतीच्या सुमारास, मुंबईत झाला. माहेरचे आडनाव लाड. घराणे मूळचे गोव्याकडचे, मुंबईत कांदेवाडीत राहणारे, माणसांनी भरलेले आणि खाऊनपिऊन सुखी. मुलींना लिहावाचायला आले म्हणजे पुष्कळ झाले असे समजण्याचा तो काळ. पण लाडांच्या घरी मुलींना इंग्रजी शाळेत घातले. दुर्गाबाई कॅथीड्रल शाळेत शिकल्या व पुढे सेंट झेवियर्स कॉलेजातही गेल्या. कॉलेजात असतानाच त्यांचे लग्न झाले. यजमान विश्वनाथ खोटे हे बनारसला शिकलेले इंजिनियर, आणि सासर माहेराहूनही श्रीमंत. पदरी बकुल आणि हरीन असे दोन मुलगे झाले. कोणाही आईबापांनी समाधानाचा सुस्कारा सोडावा, असे हे स्थळ होते.

पण लक्ष्मी चंचल म्हणतात ते खोटे नाही. खोट्यांच्या घरची संपत्ती बघता बघता गेली. काल दारात गाडी आणि आज रोजच्या खर्चाची विवंचना, अशी वेळ आली. पुढे तरुण वयातच दुर्गाबाईंना वैधव्यही आले. अशा वेळी बाईमाणूस काय करते? माहेरी जाते, नाहीतर दीरजावांच्या तोंडाकडे पाहत दिवस काढते. दुर्गाबाईंना ते रुचले नाही. आपल्या मुलांचे आपण पाहायचे असे त्यांनी ठरवले. प्रथम शिकवण्या केल्या, पण तेवढ्याने भागेना. तेवढ्यात एका बोलपटात लहानसे काम करण्याची विचारणा झाली. दुर्गाबाईंनी होकार दिला.

आज आपल्याला यात काही विशेष वाटणार नाही. पण तो काळ डोळ्यांसमोर आणा. दादासाहेब फाळके यांनी 1913 साली ‘राजा हरिश्चंद्र’ हा चित्रपट काढला, तेव्हा तारामतीचे काम करायला त्यांना एकही बाई मिळाली नाही. शेवटी अण्णा साळुंके या पुरुषाला लुगडे नेसवून तारामती करावी लागली. रंगभूमीवरही पुरुषच शालू नेसून नायिका होत. पुढे चित्रपटात बायका येऊ लागल्या, तरी प्रतिष्ठित घरातली बाई तिकडे फिरकत नसे. चित्रपटात गेली म्हणजे कामातून गेली, अशीच समजूत होती.

तो पहिला चित्रपट म्हणजे मोहन भवनानी यांचा ‘फरेबी जाल’, साल 1931. दुर्गाबाईंचे काम जेमतेम काही मिनिटांचे होते. पण जाहिरातीत मात्र त्यांच्या माहेरच्या आणि सासरच्या घराण्यांच्या नावांचा मोठा गाजावाजा झाला. काम बाजूलाच राहिले, कोणाची लेक आणि कोणाची सून याचाच बाजार मांडला गेला. चित्रपटही काही चांगला नव्हता. तो पडला, आणि सगळा राग निघाला तो या एका बाईवर. नातेवाइकांनी आणि समाजाने नावे ठेवली. दोन्ही घरांना काळिमा फासला, अशी बोलणी त्यांना ऐकावी लागली. ज्या घराची चूल पेटावी म्हणून ती बाई बाहेर पडली, त्याच घराचे नाव घालवल्याचा ठपका तिच्यावर आला! दुसरी एखादी असती, तर जन्मभर दार लावून बसली असती.

पण ज्या चित्रपटाने त्यांची बदनामी केली, त्यातले त्यांचे काम एका जाणत्या माणसाच्या नजरेत भरले. ते म्हणजे कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीचे व्ही. शांताराम. प्रभातचा पहिला बोलपट निघायचा होता, ‘अयोध्येचा राजा’, आणि त्यात तारामतीसाठी त्यांना दुर्गाबाई हव्या होत्या. इतके पोळल्यावर पुन्हा विस्तवाजवळ जायचे, याला छाती लागते. दुर्गाबाई गेल्या. गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र झाले आणि दुर्गाबाई तारामती. गाणीही त्यांनी स्वतःच्याच गळ्याने म्हटली.

1932 साली हा मराठीतला पहिला बोलपट लागला. राज्य गेलेली, नवऱ्याच्या सत्यापायी विकली गेलेली, पोटचा गोळा हरपलेली ती राणी पाहून बायकांचे पदर ओले झाले. मला नेहमी वाटते, की ते दुःख दुर्गाबाईंना कोणी शिकवावे लागले नसेल. वैभव कसे जाते आणि मुलांना घेऊन उघड्यावर पडण्याची भीती कशी असते, हे त्या पाहून आल्या होत्या. 1913 साली ज्या तारामतीसाठी बाई मिळाली नव्हती, ती तारामती 19 वर्षांनी चांगल्या घरच्या लेकीसुनेने उभी केली. आदल्या वर्षी नावे ठेवणारे तेच लोक आता कौतुक करू लागले. पुढे शिकल्यासवरलेल्या घरच्या मुलींना या धंद्यात पाऊल टाकताना दुर्गाबाईंचा दाखला देता येऊ लागला, तो इथपासून.

त्यानंतर मात्र मागे पाहणे नव्हते. त्याच साली ‘मायामच्छिंद्र’मध्ये त्या स्त्रीराज्याची राणी झाल्या. त्यातली त्यांची एक तसबीर अजून पाहायला मिळते. शेजारी जिवंत चित्ता, आणि बाईंच्या चेहऱ्यावर भीतीचा मागमूस नाही! नंतर कलकत्त्याला जाऊन त्यांनी देवकी बोस यांच्या हाताखाली ‘राजरानी मीरा’ आणि ‘सीता’ हे चित्रपट केले. 1934 सालच्या ‘सीता’मध्ये पृथ्वीराज कपूर राम होते. हा चित्रपट इटलीत व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला गेला आणि तिथे त्याचा सन्मान झाला. त्या काळी नटनट्या एकाच कंपनीकडे महिन्याच्या पगारावर बांधलेल्या असत. दुर्गाबाईंनी मात्र स्वतःला एका ठिकाणी बांधून घेतले नाही. जिथे चांगले काम, तिथे जायचे, काम करून मोकळे व्हायचे. मुलांची आई असलेल्या बाईने कोल्हापूर काय, कलकत्ता काय, एकटीने हिंडून पोट भरावे, हे 90 वर्षांपूर्वी केवढे नवलाचे असेल!

1936 सालचा ‘अमर ज्योती’ तर आपण समुद्राकाठच्या बायकांनी मिळाला तर अवश्य पाहावा. त्यातली सौदामिनी ही एक आई. नवऱ्यापासून दूर झाल्यावर ती आपल्या लहान मुलाचा ताबा मागते, आणि न्याय देणारा मंत्री तो नाकारतो. बाई म्हणजे नवऱ्याची दासी, तिला कसला हक्क, असा त्याचा न्याय! मग ही आई जहाज घेऊन समुद्रावर उतरते आणि चाच्यांची राणी बनून सूड घेते. शांतारामांनी तो काढला आणि दुर्गाबाईंनी तो तोलून धरला. सोशिक तारामती जिने केली, तिनेच ही पेटून उठलेली सौदामिनी केली, यावरून त्यांच्या अभिनयाचा आवाका कळतो.

वय वाढू लागले की नट्यांना काम मिळेनासे होते. दुर्गाबाईंनी शहाणपणाने वयाशी भांडण केले नाही. 1941 साली अत्र्यांच्या ‘पायाची दासी’मध्ये त्या सुनेला छळणारी सासू झाल्या. 1942 च्या ‘भरत भेट’मध्ये कैकेयी झाल्या. कैकेयी म्हटले की आपण बोटे मोडतो, पण त्याच कैकेयीसाठी बंगालच्या चित्रपट पत्रकारांनी त्यांना उत्तम अभिनेत्रीचा मान दिला. सर्वांना ठाऊक आहे ती 1960 सालच्या ‘मुगल-ए-आझम’मधली जोधाबाई. एका बाजूला बादशहा नवरा, दुसऱ्या बाजूला हट्टाला पेटलेला मुलगा, आणि दोघांच्या मध्ये जीव टांगलेली आई. राजवाडा सोडला, तर ही कथा आपल्या घरोघरी चालते. गंमत पाहा, 1934 साली ज्या पृथ्वीराजांच्या रामाची त्या सीता होत्या, त्यांच्याच अकबराची 26 वर्षांनी त्या जोधाबाई झाल्या. पुढे ‘बावर्ची’, ‘अभिमान’, ‘बॉबी’, ‘कर्ज’ अशा कितीतरी चित्रपटांतून त्या आई, मावशी, आजी म्हणून घराघरात पोहोचल्या. 1974 च्या ‘बिदाई’मधल्या कामासाठी त्यांना फिल्मफेअरचे पारितोषिक मिळाले. सुमारे 200 चित्रपट आणि 50 वर्षांची वाटचाल!

चित्रपटात पैसा व नाव असतानाही त्यांनी मराठी रंगभूमीची सेवा केली. मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाटकांतून त्या हौसेने उभ्या राहिल्या. खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’त त्या राघोबादादांची आनंदीबाई झाल्या. शेक्सपियरच्या मॅक्बेथवरून वि. वा. शिरवाडकरांनी लिहिलेल्या ‘राजमुकुट’ नाटकात, 1954 साली, त्यांनी नानासाहेब फाटकांसारख्या कसलेल्या नटासमोर काम केले. चित्रपटात चुकले तर पुन्हा करता येते, नाटकात तसे नाही. तिथे रोज नव्याने परीक्षा. 1958 साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला आणि 1968 साली सरकारने त्यांना पद्मश्री दिली.

हिशेबी गृहिणीप्रमाणे त्यांनी पुढची तरतूदही केली होती. लघुपट व जाहिरातपट काढणारी स्वतःची संस्था त्यांनी चालवली. 1988 साली दूरदर्शनवर लागणारी ‘वागले की दुनिया’ ही मालिका याच दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सची. मी तेव्हा लहान होते. आमच्याकडे टीव्ही नव्हता, म्हणून आम्ही भावंडे शेजारच्या काकूंच्या ओटीवर बसून ती पाहत असू. यामागे एक ऐंशी वर्षांची आजी आहे, हे कोणाला माहीत!

संसारातले दुःख मात्र त्यांना चुकले नाही. धाकटा मुलगा हरीन ऐन उमेदीत गेला. त्याची पत्नी विजयाबाई, ज्या पुढे विजया मेहता म्हणून रंगभूमीवर मोठ्या दिग्दर्शिका झाल्या. विनोदी कामे करणारे विजू खोटे आणि शुभा खोटे ही दुर्गाबाईंच्या दिराची मुले. सुरुवातीला ज्या खोटे नावासाठी त्यांना दूषणे मिळाली, तेच नाव पुढे नाटक-सिनेमात मानाचे झाले.

1982 साली दुर्गाबाईंनी मराठीत आत्मचरित्र लिहिले. त्याचे नाव ‘मी, दुर्गा खोटे’. दुसरे अलंकारिक नाव त्यांना सुचले नसते का? पण पहिल्या चित्रपटाच्या वेळी ज्यांना अमक्याची लेक आणि तमक्याची सून म्हणून विकायला काढले होते, त्यांनी अखेर फक्त आपले नाव सांगितले. मला तर ते पुस्तकाचे नाव वाचूनच उर भरून आला. पुढच्याच वर्षी, 1983 चा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना जाहीर झाला. ज्या फाळक्यांना तारामतीसाठी बाई मिळाली नव्हती, त्यांच्या नावाचा पुरस्कार तारामतीलाच मिळाला!

उतारवयात दुर्गाबाई मुंबईची गडबड सोडून अलिबागला राहिल्या आणि 22 सप्टेंबर 1991 रोजी त्यांनी देह ठेवला. नारळीपोफळीच्या वाड्या, संध्याकाळचा खारा वारा आणि भरतीची गाज हीच त्यांच्या अखेरच्या दिवसांची सोबत. एवढी मोठी बाई आपल्या जिल्ह्यात राहून गेली आणि आपण बाजाराला अलिबागला शंभर वेळा जाऊनही तिची आठवण काढत नाही, याची मला खंत वाटते.

आता माझे कारण सांगते. काही वर्षांपूर्वी आपल्या मंडळाने हळदीकुंकवाला एक नाटिका बसवली होती. त्यात मला सासूचे काम दिले होते. तालमीही झाल्या. पण कार्यक्रमपत्रिकेत नाव छापायचे ठरले, तेव्हा आमच्या घरातल्या वडीलधाऱ्यांना ते पसंत पडले नाही. चारचौघांत घराचे नाव कशाला, असे त्यांचे म्हणणे. मी वाद घातला नाही. तब्येतीचे निमित्त सांगून काम सोडले, आणि त्या दिवशी मागच्या रांगेत बसून दुसरीने केलेले माझे काम पाहिले. कोणाला दोष देत नाही. त्यांचे वळण तसे, माझीही भीड तशी. पण दुर्गाबाईंचे चरित्र वाचले तेव्हा कळले, की घराचे नाव बाईने लपून राहिल्याने राहत नाही. ती काय काम करते आणि ते किती सचोटीने करते, यावर ते राहते.

म्हणून भगिनींनो, हा लेख मी देते आहे तो माझ्या पूर्ण नावानिशी छापावा, अशी संपादक मंडळाला विनंती आहे. घरी सांगितले आहे. यजमान म्हणाले, छापून आला की पहिली प्रत मला दे. आणि यंदा नाटिका बसवणार असाल, तर सासूच्या कामासाठी दुसरी कोणी शोधू नका.